ज्यांना जायचं असेल त्यांनी जावं

मुकुंदमामा,

गेल्या बारा दिवसांत ज्यानं ज्यानं तुला 'बिचारा' म्हटलं, त्या प्रत्येकाशी मी भांडले आहे.

पहिला मान तुझ्या सोसायटीच्या सेक्रेटरींचा. कर्वेनगरच्या त्या इमारतीत तू इतकी वर्षं राहिलास, त्यांनी तुझं एकही नाटक पाहिलं नाही. दाराबाहेरच्या चपलांबद्दल मात्र तीनदा नोटीस लावली. तू गेलास त्या दिवशी ते जिन्यात उभे राहून म्हणाले, "बिचाऱ्याला शेवटपर्यंत स्वतःची अशी भूमिका मिळाली नाही हो." मी म्हटलं, "काका, तुम्हाला मिळाली का?" त्यानंतर ते स्मशानापर्यंत आले, पण त्यांची स्कूटर माझ्या गाडीपासून चांगलं अंतर राखून होती.

दुसरं भांडण पेपरवाल्यांशी. तुझी बातमी तीन ओळींची आली. तिसऱ्या ओळीत लिहिलं होतं, 'ज्येष्ठ नटांच्या अनुपस्थितीत त्यांच्या भूमिका निभावून नेणारे'. आईनं चष्मा लावून ते दोनदा वाचलं आणि म्हणाली, "अनुपस्थितीत म्हणजे? मुकुंदा तर उपस्थित होता. गैरहजर तो दुसरा होता." मी ताबडतोब फोन लावला. पलीकडचा मुलगा सभ्य होता.

"मॅडम, मग काय लिहायला हवं होतं?"

"नट."

"नुसतं नट?"

"नुसतं."

"जागा उरली असती मग."

"उरू द्यायची."

तर असं चाललंय. मी काही लिहिणारी बाई नाही. मी घरातली गोष्टी सांगणारी. कुठल्याही कार्यात जेवणं आटोपली की कोणीतरी म्हणतं, "मेधा, मुकुंदाची ती गच्चीची सांग," आणि मी सुरू होते. माझी गोष्ट दर वर्षी थोडी वाढते, हे तुझ्याइतकं कोणाला ठाऊक नाही. तू कोपऱ्यात पान जुळवत बसलेला असायचास, प्रॉम्प्टरसारखे ओठ हलवत, आणि मी पदरचं वाक्य घातलं की एक भुवई वर जायची. आता ती भुवई नाही, त्यामुळे जपून लिहायला हवं.

एक गोष्ट मात्र मी कधीच कोणाला सांगितली नव्हती. तुलाही नाही. तिच्यापर्यंत येते. सवयीप्रमाणे जरा लांबून येते, चालवून घे.

तुझ्या कसबा पेठेतल्या दोन खोल्यांखाली तांबटाचं दुकान होतं. सकाळी नऊपासून पातेल्यांवर हातोडे पडायचे. सुट्टीत आम्ही भावंडं तुझ्याकडे राहायला आलो की पहिले दोन दिवस कान धरून फिरायचो आणि तिसऱ्या दिवशी काही ऐकूच यायचं नाही. तू त्या ठोक्यांवर पाठांतर करायचास. हातात वही, येरझाऱ्या, आणि प्रत्येक वाक्य हातोड्याच्या मापात. "ठोका पडला की शब्द आपोआप खिळ्यासारखा आत जातो," म्हणायचास. रविवारी दुकान बंद असलं की तुझं पाठांतर अडायचं. मग आम्हाला पळी देऊन परात बडवायला बसवायचास. आईनं ते एकदा पाहिलं आणि म्हणाली, "माणसं मुलांना शुभंकरोती शिकवतात."

तेव्हा तू पिंपरीच्या कारखान्यात स्टोअर्सला होतास आणि नाटक सुट्टीच्या दिवशी. मग देशानं दारं उघडली, कारखान्याला माणसं जास्त वाटू लागली, आणि स्वेच्छानिवृत्तीचे फॉर्म वाटले गेले. तुझ्या सहकाऱ्यांपैकी कोणी एसटीडी बूथ टाकला, कोणी पिठाची गिरणी, कोणी झेरॉक्सचं मशीन. तू आमच्याकडे जेवायला आलास आणि म्हणालास, "ताई, मी आता पूर्णवेळ नाटक करणार."

आई म्हणाली, "नाटकाचं ठीक आहे. पण काम काय करणार?"

"तेच."

"ते झालं. पण काम?"

तू भातावर आमटी वाढून घेतलीस. आईनं हा प्रश्न पुढं दहा वर्षं विचारला आणि तू दहा वर्षं आमटी वाढून घेतलीस.

हे वाचणाऱ्या बाकीच्यांसाठी सांगते. त्याच सुमारास घराघरात केबल आली. केबलला मालिका लागल्या, मालिकांना नट लागले आणि नटांना मुंबई लागली. सांगली, जळगाव आणि पुण्यातल्या प्रयोगांच्या तारखा मात्र ठरलेल्याच राहिल्या. मोठ्या नटाचं शूटिंग लांबलं की त्याच्या जागी उभं राहायला एक माणूस लागायचा, ज्याला आज संहिता दिली की उद्या भूमिका तोंडपाठ असेल. त्याला रिप्लेसमेंट म्हणतात. तो माणूस तू. अर्थतज्ज्ञ काहीही म्हणोत, उदारीकरणाचा आपल्या घरातला पहिला लाभार्थी मुकुंदमामा. कॉम्प्युटर शिकून हिंजवडीला लागलेली मी दुसरी.

तू पेजर घेतलास. आमच्या अख्ख्या नात्यात पहिला. एकदा तो आमच्याकडे विसरलास आणि वाजला म्हणून आईनं वाचला. निरोप होता, 'उद्या सांगली बाप'. आई मटकन खाली बसली. "सांगलीला कोणाचा बाप गेला?" गेला कोणाचाच नव्हता. दुसऱ्या दिवशी सांगलीत तुला बाप करायचा होता, एवढंच.

ज्याच्या जागी तू सगळ्यात जास्त उभा राहिलास, त्या नटाचं नाव मी इथं घेत नाही, कारण तूही घ्यायचा नाहीस. तू त्याला 'मूळ पुरुष' म्हणायचास. थिएटरच्या दारातले फोटो मूळ पुरुषाचे, जाहिरातीत नाव मूळ पुरुषाचं, अंगात कोटही मूळ पुरुषाचा, पाठीमागून सेफ्टी पिना लावून तुझ्या मापाचा केलेला. त्यामुळे रंगमंचावर तू कधीच प्रेक्षकांकडे पाठ करत नसायचास. समीक्षकानं एकदा लिहिलं होतं की मुकुंद निमकर प्रेक्षकांशी सतत संवाद साधतात. ते पिनांमुळे होतं.

पण चपला तुझ्या. त्यावर कधी तडजोड नाही. निर्मात्यानं सांगितलं, दिग्दर्शकानं सांगितलं, तू ऐकलं नाहीस. खांद्याच्या पिशवीत चार जोड घेऊन फिरायचास. बापाच्या कोल्हापुरी, वकिलाचे काळे बूट, हवालदाराचे जाड तळव्याचे आणि शेजाऱ्याच्या स्लिपर. "कोट दुसऱ्याचा चालतो, मेधे," म्हणायचास. "उभं मात्र आपल्याच पायावर राहायचं. दुसऱ्याच्या बुटात त्याची चाल येते." सेक्रेटरीकाकांच्या तीन नोटिसा ज्या चपलांबद्दल होत्या, त्या ह्याच.

आणि ती घोषणा.

पहिल्यांदा झालं ते सांगलीला. हे मला नाटक कंपनीचे व्यवस्थापक अण्णा यांनी सांगितलं, त्यामुळे निम्मं तरी खरं असावं. तिसऱ्या घंटेआधी अण्णांनी माईक घेतला आणि रिवाजाप्रमाणे सांगितलं, की काही अपरिहार्य कारणामुळे अमुक नट येऊ शकत नाहीत, त्यांच्या जागी मुकुंद निमकर ही भूमिका करतील, रसिकांच्या गैरसोयीबद्दल आम्ही अत्यंत दिलगीर आहोत. पडद्यामागून तू हळूच विचारलंस, "अण्णा, मेलं कोण?"

"अहो, असं म्हणायची पद्धत आहे."

"मी येतोय त्याबद्दल तुम्ही दिलगीर आहात. तो येत नाही त्याबद्दल व्हा की. पुन्हा सांगा."

"आता? पडदा जायचा वेळ झाला."

"मग जाऊ दे वेळ."

आणि तू स्टुलावर बसलास. संतापून नाही, रुसूनही नाही. रेशनच्या रांगेत बसावं तसा. शेवटी अण्णांनी पुन्हा माईक घेतला आणि तू सांगितलंस तसं शब्दाला शब्द म्हटलं: "आज ही भूमिका मुकुंद निमकर करतील. ज्यांना जायचं असेल त्यांनी जावं. तिकीट परत मिळेल. नाटक चांगलं आहे."

अण्णा घामाघूम. "लोक उठतील हो."

"उठू देत. आत्ता उठले तर ते त्याचे. मध्यंतरात उठले तर तो माझा दोष. आणि बसून राहिले ते माझे."

त्या दिवसापासून तुझ्या प्रत्येक प्रयोगाआधी हीच घोषणा. पडदा बाजूला व्हायच्या आधी, त्याला असलेल्या बारक्या भोकातून तू उठणारे बघायचास. मला ते क्रूर वाटायचं. आपलं भांडण कायम ह्याच्यावरून.

"मामा, माणसं नावाला येतात. मान्य कर."

"नावाला येतात. बसतात कोणासाठी?"

"तिकीट काढलंय म्हणून."

"तिकीट परत देतोय की आम्ही."

"पार्किंगमधून स्कूटर काढायचा कंटाळा म्हणून."

ह्यावर तू खूप वेळ विचार केलास आणि म्हणालास, "पुण्यात ही शक्यता आहे." बस, तेवढ्यापुरतं भांडण मिटलं. मिटलं म्हणजे पुढच्या रविवारपर्यंत.

पडद्यावरही तू असाच शिरलास. एका रोजच्या मालिकेतल्या वडिलांचं निर्मात्यांशी बिनसलं. सोमवारी ते वडील वाळत घातलेले पापड बघायला गच्चीवर गेले आणि मंगळवारी जिन्यावरून खाली तू आलास. मालिकेतल्या बायकोनं विचारलं, "वाळले का?" तू म्हणालास, "अजून एक ऊन लागेल." विषय संपला. नवरा बदलल्याचं त्या घरात कोणाच्या लक्षात आलं नाही. हीच ती गच्चीची गोष्ट, आणि ह्यात मी आजवर घातलेली मांजर खोटी होती, हे आज कबूल करते. आठवडाभरानं कोथरूडच्या भाजीवालीनं तुला निरखून विचारलं, "तुम्ही नवे बाबा ना? जुने जरा मायाळू होते." तू म्हणालास, "मावशी, महिनाभर द्या." महिन्यानं तिनं कोथिंबिरीची जुडी वर टाकली. तुझ्या मते तुला मिळालेला तो एकमेव पुरस्कार आणि निवड समिती निःपक्षपाती होती.

आता ती गोष्ट.

मी नुकतीच टीम लीड झाले होते. गळ्यात कंपनीचं कार्ड घालून भाजी आणायलाही जात असे, एवढं सांगितलं की पुरे. आमचा मॅनेजर हैदराबादचा, टीममध्ये देशभरातली पोरं. मी त्यांच्यापुढे मराठी नाटकाबद्दल इतक्या फुशारक्या मारल्या होत्या की एका रविवारी दुपारी कोथरूडच्या नाट्यगृहात तिसऱ्या रांगेतल्या आठ खुर्च्या आम्ही अडवल्या. नाटक मूळ पुरुषाचं, ज्यात तो हट्टी बाप करायचा ते. मी मधोमध बसणार आणि दोन्हीकडे कुजबुजत अर्थ सांगणार, असा बेत. तुला फोन सकाळी आला होता, त्यामुळे मला काही माहीत असायचं कारण नव्हतं.

दुसरी घंटा झाली, माईक खरखरला, आणि अण्णांचा आवाज आला. "आज ही भूमिका मुकुंद निमकर करतील."

मॅनेजरनं माझ्याकडे वाकून विचारलं, "हीरो नाही येत का?"

मामा, तेव्हा मला एवढंच म्हणायचं होतं की तो माझा मामा आहे. मराठीत चार शब्द, इंग्रजीतही चारच. परातीवर पळी मारून त्याची ही भूमिका आम्ही भावंडांनी पाठ करून घेतली आहे, हेही सांगता आलं असतं. मी म्हटलं, "रिप्लेसमेंट आहे. चला, तिकिटं परत मिळतात." आणि सगळ्यांच्या आधी मी उठले.

आम्ही आठ जण लोकांच्या गुडघ्यांवरून माफी मागत बाहेर पडलो. कँटीनमध्ये बटाटेवडे घेतले. आतून पहिल्यांदा हशा आला तेव्हा माझा घास तसाच राहिला. मग दुसरा आला, मग टाळ्या. मॅनेजर म्हणाला, "साउंड्स लाइक अ गुड शो." मी म्हटलं, पुण्याचा प्रेक्षक आहे, कशालाही हसतो. पुण्याच्या प्रेक्षकाबद्दल इतकं धादांत खोटं विधान आजवर कोणी केलं नसेल.

त्या संध्याकाळी तू आमच्याकडे आलास. आवाज बसलेला. आईनं विचारलं, "प्रयोग कसा झाला?"

"छान."

मी ताटाकडे बघत विचारलं, "गर्दी होती?"

"होते ते सगळे होते," म्हणालास, आणि आमटी वाढून घेतलीस.

पुढे प्रायश्चित्त म्हणून मी तुला आमच्या कंपनीत काम मिळवून दिलं. नव्या पोरांना चिडलेल्या ग्राहकाशी बोलायला शिकवायचं होतं, चिडलेला ग्राहक तू. तू स्वतःच्या काळ्या बुटांत आलास आणि असा चिडलास की दोघी रडल्या आणि एकानं नोकरीच सोडली. एचआरची मुलगी म्हणाली, "सर, थोडं कमी करता येईल?" तू म्हणालास, "खरा ग्राहक करतो का?" मी काचेमागून बघत होते. ह्या वेळी सगळ्यांना सांगितलं, हा माझा मामा. तिथं सांगणं सोपं होतं, कारण तिथं तू कोणाच्या जागी नव्हतास.

तुला सांगायचं मात्र राहून गेलं. दर दिवाळीत ठरवायचे. फराळाच्या ताटाशी तू समोर बसायचास, मी तोंड उघडायचे आणि गच्चीची गोष्ट सांगायचे.

तू गेलास त्या सकाळी मी दार उघडून आत आले तेव्हा तुझ्या कानाला वॉकमन होता. टीपॉयवर वही, तिसरा अंक उघडा. दोन दिवसांनी तुला साताऱ्याला कुणाच्या तरी जागी उभं राहायचं होतं, वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी. वॉकमनमध्ये तीच जुनी कॅसेट. कसबा सोडताना तू तांबटाच्या दुकानात बसून हातोड्यांचा आवाज टेप करून आणला होतास, कारण कर्वेनगरला शांतता फार. लोक शांततेसाठी कर्वेनगरला जातात. तू तिथं कसब्याचा गोंगाट घेऊन गेलास.

आणि साताऱ्याचं पुढं काय झालं, तर हे मी सेक्रेटरीकाकांना बोलावून सांगितलं आणि आता इथंही लिहिते. प्रयोग रद्द झाला. मूळ पुरुष आले नाहीत की प्रयोग होत असे. तू आला नाहीस, तर झाला नाही. तुझ्या जागी उभं राहील असा माणूस अख्ख्या व्यवसायात सापडला नाही. आता 'बिचारा' कोणाला म्हणायचं, ते ज्याचं त्यानं ठरवावं.

परवा तुझी शोकसभा झाली. कोथरूडमधला छोटा हॉल, आयोजक अण्णा. प्रमुख वक्ते म्हणून मूळ पुरुषांचं नाव फळ्यावर. मी नको म्हणत होते, पण अण्णा म्हणाले, "ताई, माणसं नावाला येतात." हे माझंच वाक्य, त्यामुळे बोलायची सोय उरली नाही. माणसं आलीही. हॉल भरला. टेबलावर ठेवायला तुझा फोटो शोधला, तर एकही भूमिकेतला सापडेना. दाराबाहेर लागले ते सगळे दुसऱ्याचे. कारखान्याच्या ओळखपत्रावरचा होता, त्यात तू संशयित दिसतोस. मग मी तुझ्या कोल्हापुरी आणून ठेवल्या. एका आजींनी त्यांना वाकून नमस्कार केला आणि मागच्या बाईला विचारलं, "कोणत्या महाराजांच्या?"

सहाला सभा. सहा वाजून दहा मिनिटांनी अण्णांचा मोबाइल वाजला. शूटिंग लांबलं होतं. मूळ पुरुष येत नव्हते.

अण्णांनी मोबाइल खिशात टाकला. त्यांनी माईक घेतला आणि इतक्या वर्षांच्या सवयीनं सुरू केलं, "काही अपरिहार्य कारणामुळे... रसिकांच्या गैरसोयीबद्दल आम्ही अत्यंत..."

पहिल्या रांगेतून आई म्हणाली, "अण्णा. मुकुंदाला काय चालायचं नाही?"

अण्णा थांबले. माझ्याकडे बघितलं. मी आयुष्यात कधी स्टेजवर चढले नाही. घरच्या कार्यात सतरंजीवर बसून बोलते, तेही पोट भरलेल्या, उठण्याच्या स्थितीत नसलेल्या माणसांपुढे. पण गेले. माईक हातात घेतला. तुझ्या चपलांशेजारी उभी राहिले आणि म्हटलं, "प्रमुख वक्ते येणार नाहीत. आज मुकुंद निमकरांची भाची बोलेल. ज्यांना जायचं असेल त्यांनी जावं. माणूस चांगला होता."

लोक उठले. तुला खरं सांगते, बरेच उठले. खुर्च्या सरकल्याचा आवाज फार वाईट असतो, मामा, वरून ऐकताना. तू तो किती वेळा ऐकलास? आणि त्यानंतर तोंड उघडून लोकांना हसवलंस. सेक्रेटरीकाकाही अर्धवट उठले होते. मी त्यांच्याकडे बघितलं, ते बसले.

मग मी गच्चीची गोष्ट सांगितली नाही. तिसऱ्या रांगेची सांगितली. पहिल्यांदा, सगळ्यांसमोर, आईसमोर. काही न वाढवता. वाढवण्यासारखं त्यात काही नाहीच. आठ खुर्च्या, मी आधी उठले, वडे, हशा. सांगून झालं.

अण्णा खालूनच म्हणाले, "ताई, त्याला माहीत होतं."

माझा माईक खाली आला.

"भोकातून बघत होता ना नेहमीसारखा. मला म्हणाला, अण्णा, तिसऱ्या रांगेतली आठ चालली, त्यातली एक माझी आहे. मी म्हटलं, बोलावू का परत? तर म्हणाला, नको, आज जरा आवाज चढवतो. कँटीनपर्यंत गेला पाहिजे."

म्हणून बसला होता आवाज, त्या संध्याकाळी.

आई रडली. मी रडले नाही, कारण मला फार राग आला होता. तू मला एकदा सुनवायला हवं होतंस. एवढी भांडणं केलीस, हे एक भांडण ठेवून घेतलंस. इतकी वर्षं आमटी वाढून घेत राहिलास आणि मी समजत राहिले की मला कोणी पाहिलं नाही. मग वाटलं, तू सुनावलंच होतंस की. दोन अंक, पूर्ण आवाजात. मीच वडा खात होते.

तेव्हा मामा, माफी मागायला म्हणून लिहायला बसले होते, ती मागत नाही. दिलगिरी तुला चालायची नाही.

शेवटी आईच्या जुन्या टेपरेकॉर्डरवर तुझी कॅसेट लावली. एका बाजूला नुसते हातोडे आहेत. दुसऱ्या बाजूला, टेप बंद करायचा विसरून तू पाठांतर सुरू केलंयस. तोच हट्टी बाप. ठोका, वाक्य, ठोका, वाक्य. मध्येच अडतोस, स्वतःला शिवी देतोस, पुन्हा पहिल्यापासून. लोकांना वाटलं, दोन मिनिटं लावतील. मी बंद केलं नाही. कानठळ्या बसवणाऱ्या त्या आवाजाला एक-दोघं हळूच निघाले, त्यांना मी अडवलं नाही.

मी स्टेजवरून खाली उतरले. तिसरी रांग जवळजवळ रिकामी झाली होती. मधोमध जाऊन बसले. शेजारी एक मुलगा होता, चुकून आलेला असावा. त्यानं विचारलं, "हे कोण बोलतंय?"

"माझा मामा," म्हटलं. "नट आहे."

टेप संपून कट्ट आवाज होईपर्यंत मी उठले नाही.

तुझी,
मेधा